लोणाडचा दगड, सायकलवरून पाहिलेला



आम्ही मानपाड्याच्या. कुठल्या, ते आधी सांगतो, कारण ठाणे जिल्ह्यात मानपाडे दोन. एक ठाण्याला घोडबंदर रोडवर आणि दुसरा आमचा, डोंबिवलीचा, कल्याण-शीळ रस्त्यावरचा, मानपाडेश्वराच्या देवळाचा. रिक्षावालेसुद्धा कधीकधी विचारतात, "ताई, कुठला?" तर हा डोंबिवलीचा मानपाडा, आणि आम्ही इथल्या अकरा बायका. सगळ्यांत धाकटी एकतीस वर्षांची, सगळ्यांत मोठ्या त्रेसष्टच्या. कुणी शिवणकाम करते, कुणी पोळीभाजीचे डबे देते, दोघी शिक्षिका आहेत, एक बँकेतून निवृत्त झालेली. एकीचं किराणा दुकान आहे. हिशेबाला ती, हे आमच्यात ठरलेलं आहे. आम्ही मागच्या जानेवारीत एका रविवारी सायकलवर लोणाडला गेलो. तिथली लेणी, पडकं देऊळ आणि एक दगड पाहून संध्याकाळी घरी आलो. त्या दिवसाबद्दल आज बोलायचं आहे, आणि खरं सांगायचं तर त्या दगडाबद्दल जास्त.

पण आधी सायकल. आमच्यातल्या सहाजणींना लहानपणी येत होती, लग्नानंतर सुटली. पाचजणींना येतच नव्हती. एकीला वडिलांनी शिकू दिली नव्हती, एकीच्या घरी तीन भावांत मिळून एकच सायकल होती, तिचा नंबर कधी आलाच नाही. त्या पाचजणी इमारतीच्या पार्किंगच्या जागेत रात्री नवानंतर शिकल्या. रात्री अशासाठी, की गाड्या लागलेल्या असतात, पोरं वर गेलेली असतात आणि पडलं तर हसायला कुणी नसतं. शेहेचाळिसाव्या वर्षी सायकल शिकताना गुडघे फुटतात, आणि पोरांच्या गुडघ्यांपेक्षा ते बरे व्हायला वेळ लागतो, एवढं आम्ही अनुभवाने सांगू शकतो. तमिळनाडूतल्या पुदुकोट्टई जिल्ह्यात १९९१ च्या सुमाराला साक्षरता मोहिमेबरोबर हजारो बायकांनी सायकल शिकून घेतली होती. खाणीत दगड फोडणाऱ्या बायका, शेतमजूर बायका. शीला राणी चुंकत नावाच्या बाई तेव्हा तिथे कलेक्टर होत्या, त्यांनी अक्षरओळखीला सायकल जोडली. आमच्या दोन शिक्षिकांपैकी एकीने हे वाचलेलं होतं. पार्किंगमध्ये कुणी धडपडलं की ती म्हणायची, "पुदुकोट्टईच्या बायका साडी नेसून चालवायच्या." त्यावर पडलेली बाई काय म्हणायची ते रेडिओवर सांगता येणार नाही.

वाट दाखवायला आमच्याबरोबर एक मुलगी होती. तिने पुरातत्त्व हा विषय घेऊन शिक्षण केलं आहे आणि शनिवार-रविवारी ती लोकांना आसपासची जुनी ठिकाणं दाखवते. तिचं म्हणणं असं, की कल्याण, अंबरनाथ, भिवंडी या पट्ट्यात हजार वर्षांपूर्वीचं एवढं काही पडलेलं आहे की त्यासाठी वेरूळला जायची गरज नाही, आणि चारचाकीतून गेलं तर त्यातलं निम्मं काचेबाहेर राहून जातं. ती पुढे, आम्ही मागे, आणि सगळ्यांत शेवटी बँकेच्या ताई, कारण त्यांना कुणीही मागे टाकलं तरी चालतं. चार सायकली आमच्या स्वतःच्या होत्या, सात भाड्याने घेतल्या. जायचे वीसेक किलोमीटर, यायचे तेवढेच.

सकाळी सहाला निघालो. कल्याण-शीळ रस्ता ज्यांनी पाहिला आहे त्यांना त्याचं वर्णन नको आणि ज्यांनी पाहिला नाही त्यांनी पाहू नये. मेट्रोच्या कामाचे पत्रे, पत्र्यांमुळे अरुंद झालेली वाट, कंटेनर, टँकर, बस. आम्ही एकामागे एक, डाव्या कडेला, प्रत्येकीच्या मागे लाल दिवा. रविवारची पहाट म्हणून त्यातल्या त्यात बरं होतं. पत्रीपुलाच्या आधी चढ लागतो, तिथे आमच्यातल्या दोघी उतरून चालायला लागल्या, म्हणून रांग जरा मंदावली. मागून एक टेम्पो आला. त्याला जागा होती, पण थांबावं लागलं असेल पाच-सात सेकंद. जाता जाता आत बसलेल्या पोराने काच खाली करून आम्हाला शिवी दिली. आईवरून. पोरगा विशीतला असेल. आमच्या त्रेसष्ट वर्षांच्या मावशी त्याला सर्वांत जवळ होत्या.

त्यावर कुणी काही बोललं नाही. अशा वेळी बायका काही बोलत नाहीत, हे तुम्हालाही माहीत आहे. आम्ही पूल उतरलो, गोविंदवाडीच्या बायपासने दुर्गाडीशी आलो आणि थांबून पाणी प्यायलो.

दुर्गाडीच्या पायथ्याशी उभं राहिलं की खाडी दिसते, आणि कल्याण हे बंदर होतं हे पुस्तकातून बाहेर येऊन खरं वाटायला लागतं. पहिल्या शतकातल्या एका ग्रीक खलाशाच्या टिपणात या बंदराचं नाव आहे. कान्हेरीच्या लेण्यांत दान देणाऱ्यांची जी नावं कोरलेली आहेत त्यांत कल्याणचे लोक बरेच, आणि त्यांत बायकाही आहेत. पुढे १६५७ मध्ये शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडी घेतली आणि इथे जहाजं बांधायला सुरुवात केली, ते तर शाळेत शिकलेलो आहोतच. वाटाड्या मुलगी म्हणाली, आज आपल्याला या दोन्हींच्या मधला काळ बघायचा आहे. साधारण इसवी सन ८०० ते १२६५. शिलाहारांचा.

शिलाहार म्हणजे कोण, तर उत्तर कोकणचे राजे. ठाणं, तेव्हाचं स्थानक, हे त्यांचं मोठं ठिकाण. ते स्वतःला जीमूतवाहनाचे वंशज म्हणवून घ्यायचे. सापाला वाचवण्यासाठी ज्याने शिळेवर बसून आपलं शरीर गरुडाला देऊ केलं, तो जीमूतवाहन. आपल्या अंबरनाथचं शिवमंदिर त्यांचंच. त्यावरच्या लेखात शके ९८२ असा आकडा आहे. शकात अठ्ठ्याहत्तर मिळवले की इसवी सन येतं, हे मुलीने सांगितलं मात्र, आमच्या किराणा दुकानवाल्या वहिनींनी तिथल्या तिथे सांगून टाकलं, "एक हजार साठ." दिवसभर मग आम्ही तिला शक सांगत होतो आणि ती साल सांगत होती. तुम्हीही लक्षात ठेवा, कुठल्याही जुन्या देवळात उपयोगी पडतं. महिना पौष-माघ असेल तर एक वर्ष जास्त धरावं लागतं, एवढंच.

आधारवाडीहून गांधारीच्या पुलावर आलो तेव्हा उल्हास नदीवर धुकं होतं. पूल ओलांडला की हवा बदलते. हे कवितेत म्हणतात तसं नाही, खरोखरच बदलते. आपल्या बाजूला कारखान्यांचा जो वास असतो तो तिथे नव्हता. बापगावला चहा घेतला. तिथून पुढे भात कापून झालेली शेतं, काही शेतांत उरलेल्या ओलीवर वाल लावलेला, आणि मध्येच एकदम पांढऱ्या पत्र्याची अवाढव्य गोदामं. भिवंडीच्या आसपासची ही गोदामं म्हणजे आपण फोनवरून मागवलेल्या वस्तू जिथून घरी येतात ती जागा. डब्यांसाठी मागवलेले कंटेनर इथूनच आले असतील, असं डबेवाल्या ताई म्हणाल्या आणि त्या गोदामाकडे ओळखीच्या माणसाकडे बघावं तशा बघत राहिल्या. गोदामांमुळे गावात कामं आली. रस्त्याला मालट्रकही आले. दोन्ही दिसतं.

लोणाड हे नावच जुनं आहे. शिलाहार राजा अपराजित याचा एक ताम्रपट आहे, शके ९१९ चा (वहिनी, म्हणजे ९९७), त्यात भादाणे हे गाव लवणेतट इथल्या लोणादित्य देवाच्या पूजेसाठी दिल्याची नोंद आहे. भादाणे भिवंडी तालुक्यात आजही आहे. लवणेतट म्हणजे हे लोणाड. लवण म्हणजे मीठ, तट म्हणजे काठ. हजार वर्षांत लवणेतटाचं लोणाड झालं, आणि एका अख्ख्या गावाचं उत्पन्न जिकडे लावलं होतं तो देव कुठे गेला ते विचारायला गावात कुणी उरलं नाही.

लेणी एका लहानशा टेकडीवर आहेत. चढ थोडाच आहे, सायकली खाली ठेवून आम्ही वर गेलो. मूळचं हे बौद्ध लेणं, पाचव्या-सहाव्या शतकाच्या सुमाराचं. पुढे खांबांची ओसरी, आत दालन. ओसरीत राजदरबारासारखा एक मोठा शिल्पपट आहे, दगड झिजला आहे तरी बसलेल्या माणसाचा डौल कळतो. वरच्या पट्टीतल्या लहान लहान चौकटींना जाणकार जातककथांतले प्रसंग मानतात. आणि आत आता खंडेश्वरी देवी आहे. आम्ही गेलो तेव्हा गावातल्या दोन बायका ओटी भरायला आल्या होत्या. त्यांनी आमच्या हेल्मेटांकडे पाहिलं, आम्ही त्यांच्या ताटाकडे, आणि मग सगळ्यांनी एकमेकींना कुंकू लावलं. एकीने विचारलं, "सायकलीवरून? मानपाड्याहून? घरच्यांनी सोडलं?" आमच्यातली एक म्हणाली, "सांगून आलो, विचारून नाही." त्या दोघी खूप हसल्या. त्यांतली एक म्हणाली, "तेवढं जमलं पाहिजे."

भिक्षूंच्या घरात देवी बसली याचं आमच्या वाटाड्या मुलीला दुःख नव्हतं, तसं असेल असं आम्हाला वाटलं होतं. तिचं म्हणणं, पूजा होते म्हणून झाडलोट होते, पायवाट राहते, लोकांचा राबता राहतो. जिथे कुणीच येत नाही तिथे आधी दारूच्या बाटल्या येतात आणि मग लोक दगड उचलून नेतात. फक्त शिल्पांवर ऑइलपेंट मारू नये, एवढंच ती म्हणते.

खाली येऊन झाडाखाली डबे उघडले. त्याचं वर्णन टाळते असं कुणी म्हटलं तर बायकांच्या कार्यक्रमाला शोभणार नाही, म्हणून एका वाक्यात: मेथीचे ठेपले, वालाची उसळ, शेंगदाण्याची चटणी, आणि अकरा बायकांत मिळून चौदा प्रकारची लोणची.

जेवून रामेश्वराच्या देवळाकडे गेलो. हे शिलाहारांच्या काळातलं. ज्यांनी अंबरनाथ पाहिलं आहे त्यांनी तेच डोळ्यांसमोर आणावं आणि मग त्यातलं बरंचसं पाडून टाकावं. अंबरनाथला निदान भिंती आहेत, तीन बाजूंना दारं, मंडपातले कोरीव खांब, आणि मग पायऱ्या उतरून खोल गाभारा, वर उघडं आकाश. इथे मंडप ढासळलेला. गाभारा उभा आहे, बाहेरून थोडं कोरीवकाम शिल्लक आहे आणि बाकीचं देऊळ आजूबाजूला तुकड्यांनी पडलेलं आहे. अंबरनाथच्या मंदिराची चित्रं काढायला, साचे घ्यायला १८६८ मध्ये मुंबईच्या कलाशाळेतली मंडळी पाठवली होती. त्यामुळे ते कागदावर तरी राहिलं. लोणाडच्या नशिबी एवढी धामधूम आली नाही. आमच्यातल्या एकीला तिथे रडू आलं. कशामुळे, ते तिलाही सांगता येईना. एका दगडावर अर्धी बाई होती, कमरेपासून खालची, आणि तिच्या पायांतले दागिने इतके नीट कोरलेले होते की आपण काल घडवून आणले असावेत. एवढंच ती म्हणाली. आम्ही जास्त विचारलं नाही.

आता तो दगड. गावाजवळच्या चौधरपाड्यात आहे. माणसाच्या उंचीचा उभा दगड. सगळ्यांत वर चंद्र आणि सूर्य कोरलेले. त्याखाली नागरी अक्षरांत लेख. राजा दुसरा केशिदेव, शके ११६१, ब्रह्मपुरी नावाचं गाव दान दिल्याची नोंद. "एक हजार दोनशे एकोणचाळीस," वहिनी म्हणाल्या. चंद्रसूर्य अशासाठी, की ते आकाशात आहेत तोवर हे दान चालावं. इथवर सगळ्यांनी फोटो काढले.

मग मुलीने आम्हाला खालचा भाग दाखवला. तिने आधी विचारलं, सांगू का, म्हणून. त्रेसष्टच्या मावशी म्हणाल्या, "एवढे वीस किलोमीटर काय वरचा चंद्र बघायला आलो?"

खाली एक गाढव आहे आणि एक बाई आहे. अशा दगडाला गद्धेगाळ म्हणतात. गाढव आणि गाळ, गाळ म्हणजे शिवी. चित्रात गाढव त्या बाईवर अत्याचार करतं आहे. अर्थ असा, की जो कोणी हे दान मोडेल, ही जमीन लाटेल, त्याच्या आईचं असं होवो. ज्याला वाचता येत नाही त्यालाही कळावं म्हणून अक्षरांखाली चित्र. कोकणात आणि महाराष्ट्रात इतरत्रही असे दगड पुष्कळ आहेत. कुठे त्यांना शेंदूर लावून देव केलं आहे, कुठे अभद्र म्हणून पालथे घातले आहेत, कुठे पायरीला बसवले आहेत. अलिबागजवळच्या अक्षीचा दगड, ज्याचं नाव मराठीतला सर्वांत जुना कोरीव लेख म्हणून घेतलं जातं (त्याच्या सालाबद्दल अभ्यासकांचं एकमत नाही), त्यावरही खाली हेच चित्र आहे. आणि मुंबईत परळला सापडलेला शके ११०८ चा एक शिलालेख आहे. त्यात दान संस्कृतात लिहिलं आहे, आणि शिवी मात्र मराठीत. राजाला ती समजायला हवी होती सगळ्यांना, देवाधर्माची भाषा तिथे उपयोगाची नव्हती.

हे ऐकल्यावर आमच्यात जे झालं ते जसंच्या तसं सांगतो.

पोळीभाजीवाल्या ताई मागे सरकल्या आणि म्हणाल्या, मला हे बघायचं नाही, चला. एक शिक्षिका म्हणाली, बघितलं पाहिजे, इतिहास आहे. त्यावर ताई म्हणाल्या, इतिहास असेल, पण त्या बाईने काय केलं होतं? जमीन कोण चोरणार? पुरुष. दान कुणी दिलं? पुरुषाने. कुणाला दिलं? पुरुषाला. सगळ्या व्यवहारात ती कुठेच नाही, आणि दगडावर ती एकटीच.

शिक्षिका म्हणाली, तेव्हा आईची किंमत एवढी होती की तिचा धाक घालता आला. आईबद्दल काही वाटतच नसतं तर शापाचा उपयोग काय? हे आम्हाला एकदम खोडून काढता आलं नाही. मुलीनेही सांगितलं की असं मानणारे अभ्यासक आहेत, आणि ती बाई म्हणजे भूमी, असाही एक अर्थ लावतात. गाढवाचा नांगर फिरवणं म्हणजे जमीन उजाड करणं, तसं काहीसं. पण मग मावशी बोलल्या. सकाळच्या प्रसंगानंतर त्या पहिल्यांदा त्याबद्दल बोलत होत्या. त्या म्हणाल्या, "म्हणजे तो टेम्पोवाला पोरगा सकाळी हेच बोलला की. मी रस्त्यात आले, मला बोल. माझी आई मरून तेवीस वर्षं झाली. ती कुठे सायकल चालवत होती?"

आम्ही तिथे बराच वेळ उभ्या होतो. ऊन चढलं होतं. शिवी ही काही आजकालच्या पोरांनी शोधून काढलेली नाही, मोबाईलमुळे आलेली नाही, बाहेरच्या लोकांनी आणलेली नाही. जी कारणं आपण इमारतीच्या गच्चीवर बसून देत असतो त्यांतलं एकही खरं नाही. राजाच्या सहीशिक्क्यासारखी ती दगडावर कोरून गावाच्या वेशीला उभी केलेली होती. निदान आठशे वर्षं. आमच्या मते मावशींचंच बरोबर आहे, शिक्षिकेचं नाही. किंमत होती म्हणून धाक घातला, हे मान्य. पण किंमत होती ती त्याची आई म्हणून. त्या बाईला स्वतःला कुणी काही विचारलेलं नाही, तिला नावसुद्धा नाही.

आणखी एक गोष्ट मुलीने सांगितली, ती आमच्या वहिनींना फार आवडली. हा दगड लागला शके ११६१ मध्ये. चंद्रसूर्य असेपर्यंत दान चालावं म्हणून. त्यानंतर साधारण पंचवीस वर्षांत, १२६५ च्या सुमारास, शेवटचा शिलाहार राजा सोमेश्वर देवगिरीच्या महादेव यादवाशी लढताना समुद्रात बुडाला आणि ते राज्यच संपलं. बोरिवलीजवळ एक्सरला वीरगळ आहेत, त्यांवर जहाजांची लढाई कोरलेली आहे, त्यांचा संबंध काहीजण याच युद्धाशी लावतात. वहिनींनी हिशेब केला आणि म्हणाल्या, "म्हणजे दान बुडालं, राजा बुडाला, फक्त शिवी राहिली."

परत निघालो तेव्हा तीन वाजले होते. बापगावच्या अलीकडे एक चाक पंक्चर झालं, ते शिवणकामवाल्या ताईंनी काढलं. ट्यूबला ठिगळ लावणं आणि परकराला ठिगळ लावणं यात फार फरक नाही, असं त्या म्हणतात. येताना वारा समोरून होता आणि पत्रीपुलाचा चढ सकाळपेक्षा दुप्पट वाटला. पण कुणी उतरलं नाही. मावशींना आम्ही म्हटलं, चालत या, काही घाई नाही. त्यांनी ऐकलं नाही. संध्याकाळी साडेपाचला मानपाडा चौकात होतो.

एकीच्या घरी त्याचं पुढे काय झालं, ते तिला विचारून सांगतो. तिचा मुलगा एकोणीस वर्षांचा आहे. चांगला मुलगा आहे, आईला सायकल त्यानेच शिकवली, पार्किंगमध्ये कॅरिअर धरून मागे धावला. रात्री मित्रांबरोबर फोनवर खेळ खेळतो, आणि खेळताना त्याच्या तोंडात आईबहिणीवरून शिव्या असतात. दार लोटलेलं असतं, पण आपल्या घरांच्या भिंती तुम्हाला ठाऊक आहेत. तिने तीन वर्षं ऐकून न ऐकल्यासारखं केलं होतं. त्या रविवारी रात्री ती त्याच्या खोलीत गेली, त्या दगडाचा फोटो दाखवला, आणि मुलीने आम्हाला सांगितलं होतं तेवढंच सांगितलं: हे काय आहे, कुणासाठी आहे, साल काय. उपदेश केला नाही. तो फोटोकडे बघत राहिला आणि म्हणाला, "आई, हे तू बघायला का गेलीस?" ती म्हणाली, "मी रोजच ऐकते. आज बघितलं." मग ती भांडी घासायला गेली.

तो सुधारला, असं आम्ही सांगणार नाही. अजूनही तोंडातून जातं. गेलं की मध्येच थांबतो, आणि दार उघडं आहे का ते बघतो, असं ती म्हणते. तिच्या नवऱ्याने दोन दिवस विचारलं, पोराला असले फोटो दाखवतात का. तिसऱ्या दिवशी तो फोटो त्याने स्वतःच्या फोनवर मागून घेतला. कशाला, ते त्याने सांगितलं नाही.

आता ज्यांना जायचं आहे त्यांच्यासाठी. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हेच दिवस. सहाच्या आत निघा, म्हणजे शीळ रस्त्याचा ताप आठच्या आत संपतो. ओढणी आणि पदर नीट खोचा, साखळीत अडकला तर पडायलाच होतं. आम्ही लेंगा-कुडता घातला आणि पायाशी कपडे वाळत घालायचे चिमटे लावले. बायकांची मोठी अडचण म्हणजे बाथरूम. वाटेतल्या पेट्रोल पंपांवर सोय असते, मागायला लाजू नका, आणि त्या भीतीने पाणी कमी पिऊ नका, आमच्यातल्या एकीचं त्यामुळे डोकं दुखलं. पाठीला पिशवी लावण्यापेक्षा कॅरिअरला बांधा. वाटाड्या बरोबर असू द्या, कारण चौधरपाड्याचा दगड तुम्हाला आपणहून दिसायचा नाही, आणि दिसला तरी नुसता दगडच दिसेल. लेण्यात देवीच्या पूजेची वेळ असेल तर बाहेर थांबा. पडलेल्या तुकड्यांवर बसून फोटो काढू नका.

पुढच्या महिन्यात आम्ही खिडकाळीच्या महादेवावरून अंबरनाथला जाणार आहोत. काटईहून खोणी, नेवाळी असा रस्ता आहे, चढ कमी, ट्रक तेवढेच. लेणीवाल्या त्या दोघींपैकी एकीने मावशींचा नंबर घेतला होता. तिचा परवा फोन आला, की अंबरनाथला आम्हीही येऊ, पण सायकल येत नाही, तर कितीला शिकवता? मावशींनी सांगितलं, रात्री नऊनंतर ये, पार्किंग रिकामं असतं.